पालकाच्या जुडीचा हिशोब

थंडीत सकाळी साडेसहाला चिल्ला खादरमध्ये गेलं की धुक्यातून आधी खोकल्याचा आवाज येतो, मग माणूस दिसतो. मयूर विहारच्या सोसायट्यांच्या मागे, यमुनेच्या पूरपट्ट्यात ही शेतं आहेत. पालक, मुळा, मेथी, फ्लॉवर, कडेला झेंडू. दिल्लीत शेती होते हे पुण्या-मुंबईच्या पाहुण्यांना पटत नाही, म्हणून लाल किल्ला झाला की मी त्यांना इथे आणतो. बाया उकिडव्या बसून विळ्यानं पालक कापत असतात. डाव्या मुठीत पानं साठतात, देठ गुडघ्यावर ठोकून सारखे होतात, काडीचे दोन वेढे, एक पीळ, आणि जुडी बाजूला पडते. इकडे तिला गड्डी म्हणतात. गड्ड्या पाण्यात बुचकळून गोणपाटावर रचायच्या, तेही टेम्पो गाझीपूरच्या मंडीकडे निघायच्या आत.

या जुडीवर कायद्यानं किती मजुरी बसते, याचा हिशोब मांडायला मी बसलो आणि पहिल्याच आकड्याला अडलो. पालक कुठल्या बांधावर बसून कापला, त्यावर उत्तर बदलतं.

दिल्ली सरकारच्या यादीत शेतीचं काम इतर कामांच्या रांगेतच आहे. एप्रिल २०२५ पासून अकुशल कामगाराचा महिन्याचा किमान दर होता १८,४५६ रुपये. सव्वीस दिवसांनी भागा, रोजचे ७१० येतात. चिल्ल्याहून पुढे नोएडाच्या हद्दीत शिरलं की उत्तर प्रदेश लागतो. तिथे शेतमजुरांसाठी वेगळा दर आहे आणि २०२५ मध्ये तो ठरला रोज २५२ रुपये, म्हणजे महिन्याला ६,५५२. नदी तीच, गाळही तोच, मंडीही बहुधा तीच. वर सोनिपतला जा, मश्रूमच्या पराळीनं शाकारलेल्या शेडमध्ये, तर हरियाणाचा तिसराच दर: २०२५ च्या सुरुवातीला अकुशल कामगाराला महिना अकरा हजारांच्या आसपास. राष्ट्रीय राजधानी क्षेत्र हे नाव एक असलं तरी त्यात किमान मजुरी निदान तीन.

उत्तर प्रदेशचा तो आदेश वाचनीय आहे. मश्रूम, कोंबड्या, मधमाश्या, गुरं, माल बाजारात पोहोचवणं, सगळं त्यात शेतीच धरलंय. मजुरी रोख द्या, मोबाइलवरून द्या किंवा अंशतः वा पूर्णतः धान्याच्या, मालाच्या रूपात द्या. तासावर माणूस लावला तर तासाचा दर दिवसाच्या एक षष्ठांशाहून कमी नको. म्हणजे बेचाळीस रुपये. बेचाळीस रुपयांत दिल्लीच्या बऱ्याशा टपरीवर दोन चहा होतात, बिस्किटं आली तर होत नाहीत.

आता कुणी म्हणेल, निदान दिल्लीच्या बाजूचे तरी ७१० मिळवत असतील. तसं विचारलं की खादरमध्ये आधी हसू येतं, मग उलट प्रश्न: कुणाकडून?

हा ‘कुणाकडून’ फार खोल जातो. आमच्याकडे वऱ्हाडात सालगडी पाडव्याला ठरायचा. किती पोती ज्वारी, किती रोख, वर्षाचे दोन कपडे, एक घोंगडी, हे ओसरीवर बसून ठरे. तो करार चांगला होता असं मी मुळीच म्हणणार नाही. आगाऊ घेतलेली उचल फिटता फिटत नसे आणि पुढचं साल त्यातच गहाण पडे. पण एक गोष्ट गावातल्या शेंबड्या पोरालाही ठाऊक असायची: हा गडी कुणाचा. खादरमध्ये तेच ठाऊक नसतं. जमिनीचा मोठा भाग कागदावर दिल्ली विकास प्राधिकरणाचा, म्हणजे डीडीएचा. तिच्यावर पिढ्यान्‌पिढ्यांचा कब्जा सांगणारा एक जण असतो, तो आसपासच्या जुन्या गावातला. त्याच्याकडून तोंडी मक्त्यानं वाफे घेणारा दुसरा, तो बहुधा बदायूँकडचा. हंगामात त्याच्याकडे रोजानं येणारे तिसरे, आणि त्यांना गोळा करून आणणारा चौथा. मक्ता तोंडीच असतो, त्यामागेही कायदाच आहे. दिल्ली जमीन सुधारणा कायदा १९५४ चा; जमीन कसायला भाड्यानं देणं त्यानं विधवा, अल्पवयीन, अपंग अशा काही जणांपुरतं ठेवलं. कसणाऱ्याला जमीन मिळावी हा हेतू. झालं असं की भाडं चालूच राहिलं, फक्त कागद गेला.

त्यावर आणखी एक गंमत, तिला गंमत म्हणावं तर. १३ जानेवारी २०१५ ला राष्ट्रीय हरित लवादानं यमुना स्वच्छतेच्या खटल्यात पूरपट्ट्यात खाण्याची पिकं घ्यायला मनाई केली. नदीतले जड धातू भाजीत उतरतात, हे कारण. कारण खोटं नाही. पण मजुराच्या बाजूनं बघा. जमीन ज्याची तो मालक म्हणून पुढे येणार नाही. जो पिकवतो त्याच्याकडे चिठ्ठी नाही. आणि जे पीक कापल्याची मजुरी थकली, ते पीकच निघायला नको होतं. कामगार कार्यालयात जाऊन ‘मी चिल्ला खादरमध्ये पालक कापला’ असं लिहून देणं म्हणजे आपल्याला काम देणाऱ्याचा गुन्हा आपल्या अंगठ्यानं नोंदवणं. दुसऱ्या दिवशी काम कोण देईल?

पूर्व दिल्लीसाठी कामगार खात्याचं कार्यालय झिलमिलच्या विश्वकर्मा नगरात आहे. १९४८ च्या किमान वेतन कायद्याचं कलम २० वाचायला सोपं होतं: सहा महिन्यांच्या आत अर्ज करा, प्राधिकाऱ्यापुढे सुनावणी, फरकाची रक्कम आणि वर दहापटीपर्यंत भरपाई. अनेक मजुरांनी मिळून एकच अर्ज करायचीही सोय होती. दहापट ही साधीसुधी गोष्ट नाही. भारतात गरिबाच्या बाजूनं इतकी कडक भाषा वापरणारी कलमं मोजकीच. पण अर्जाला पहिल्या पानावरच हवं असतं नियोक्त्याचं नाव आणि पत्ता. खादरचा दावा तिथेच संपतो.

या कायद्याचं मूळ शोधत गेलं की आपण दिल्लीतच, आणि मराठी माणसापाशी पोहोचतो. व्हॉइसरॉयच्या कार्यकारी मंडळात १९४२ पासून मजूर खातं सांभाळणाऱ्या डॉ. आंबेडकरांनी ११ एप्रिल १९४६ ला केंद्रीय विधिमंडळात किमान वेतनाचं विधेयक मांडलं. कोकणातल्या खोतीविरुद्ध १९३७ मध्ये मुंबई विधानसभेत विधेयक आणणारा हा माणूस. महार वतन म्हणजे काय, वेठ म्हणजे काय, हे त्यांना पुस्तकातून शिकायचं नव्हतं. विधेयकाचा कायदा झाला मार्च १९४८ मध्ये, तेव्हा मजूर खातं जगजीवन रामांकडे होतं. पण शेती परिशिष्टाच्या दुसऱ्या भागात गेली. कारखान्यांचे दर ठरवायला सरकारांना दोन वर्षं, शेतीला तीन. मग ती मुदत पुन्हा पुन्हा वाढवावी लागली. शिवाय शेतीचे दर राज्याच्या एखाद्याच भागापुरते ठरवायची मोकळीक दिली गेली. शेतमजूर कायद्यात आला खरा, पण पंगतीच्या शेवटच्या ताटावर.

त्याच आंबेडकरांच्या मसुद्यातून आलेला संविधानाचा अनुच्छेद २३ वेठबिगारीला मनाई करतो. किमान वेतन आणि वेठबिगार या दोन गोष्टी एकमेकींना जोडल्या गेल्या १९४८ च्या कायद्यानंतर चौतीस वर्षांनी. त्याही दिल्लीत, टिळक मार्गावरच्या सर्वोच्च न्यायालयात.

१९८२ च्या आशियाई खेळांसाठी दिल्ली खणून काढलेली होती. स्टेडियम, उड्डाणपूल, खेळाडूंची वसाहत. पीपल्स युनियन फॉर डेमोक्रॅटिक राइट्स या संघटनेनं तीन समाजशास्त्रज्ञांना बांधकामांवर पाठवलं आणि त्यांच्या अहवालाच्या आधारे न्या. पी. एन. भगवतींना पत्र लिहिलं. ते पत्रच याचिका ठरलं. त्यातला एक तपशील मला नेहमी आठवतो. ठेकेदार जमादाराच्या हाती माणशी ९ रुपये २५ पैसे देत होता. जमादार त्यातला एक रुपया आपल्याकडे ठेवून मजुराला ८ रुपये २५ पैसे देत होता. बाईच्या हातावर सातच. साऱ्या आशियाला दाखवायचा डोलारा असा रोजच्या रुपया-रुपयाच्या कपातीवर उभा राहत होता.

सरकारनं सांगितलं, मजूर ठेकेदाराचे आहेत, आमचे नाहीत. कामं करून घेणाऱ्यांत हीच डीडीए होती. न्यायालयानं ते ऐकलं नाही. १८ सप्टेंबर १९८२ च्या निकालात भगवतींनी जे म्हटलं त्याचा गाभा असा: कोणी शहाणा माणूस कायद्यानं ठरलेल्यापेक्षा कमी पैशांत आपखुशीनं राबत नाही, राबत असेल तर काहीतरी त्याला ढकलतंय, मग ती दंडुक्याची भीती असो की पोटातली भूक, आणि भुकेनं ढकललेलं कामही वेठबिगारच. हे कळायला मराठी वाचकाला कायद्याची पदवी नको. ‘वेठीला धरणं’ आपल्या बोलण्यात अजून जिवंत आहे.

बांधकामासाठी दिलेला हा निकाल शेताच्या बांधावर सर्वांत घट्ट बसतो, असं माझं मत आहे. शेतमजुराला मारहाण करून कामाला लावण्याची गरज क्वचित पडते. दोन महिने काम नसणं पुरेसं असतं.

पुढच्याच वर्षी, जानेवारी १९८३ मध्ये, राजस्थानातल्या दुष्काळी कामावरच्या बायकांच्या बाबतीत, संजित रॉय खटल्यात, न्यायालयानं हीच रेघ पुढे ओढली: दुष्काळ आहे, मदत म्हणून काम देतोय, म्हणून किमानपेक्षा कमी देता येणार नाही. आणि डिसेंबरात निकाल आला फरिदाबादचा.

बंधुआ मुक्ती मोर्चाचं, स्वामी अग्निवेश यांच्या संघटनेचं, फेब्रुवारी १९८२ चं पत्र. अरवलीतल्या दगडखाणी, दिल्लीच्या वेशीवर. तिथले मजूर मध्य प्रदेश, राजस्थानकडून आलेले, ठेकेदाराच्या उचलीत अडकलेले. सुरुंगाचा खर्च त्यांच्याच मजुरीतून कापला जाई. न्यायालयानं दोन वकील पाहणीला पाठवले आणि मजुरांच्या स्थितीचा सामाजिक अभ्यास करायला आयआयटीचे एक प्राध्यापक नेमले, डॉ. पटवर्धन. टिळक मार्गावरून फरिदाबादच्या खाणीत उतरलेल्या या पटवर्धनांबद्दल मराठीत कुणी चार पानं लिहायला हवीत.

हरियाणा सरकारचं म्हणणं होतं, ही माणसं वेठीची असतील, पण त्यांनी कर्ज घेतलं होतं हे सिद्ध झाल्याशिवाय ती कायद्यानं ‘बंधुआ’ ठरत नाहीत. १६ डिसेंबर १९८३ च्या निकालानं ही बाजू पालथी केली. माणूस जबरदस्तीनं राबतोय एवढं दिसलं की उचल घेतलीय असंच धरायचं; तसं नाही हे मालकानं आणि सरकारनं सिद्ध करावं. निरक्षर माणसानं स्वतःच्या कर्जाचा कागद आणावा, ही अपेक्षाच कोर्टानं मोडीत काढली. एकवीस निर्देश दिले. १९९१ मध्ये तेच प्रकरण पुन्हा त्याच कोर्टापुढे होतं, कारण त्यातलं बरंच काही झालंच नव्हतं.

आज सूरजकुंडच्या पलीकडे त्या खाणी आहेत, निळ्या-हिरव्या पाण्यानं भरलेल्या. पोरं पोहायला जातात, बुडतातही. २००२ आणि २००९ च्या आदेशांनी तिथलं खाणकाम थांबलं. थांबवलं ते दिल्लीचं पाणी आणि हवा वाचावी म्हणून. मजुरीसाठी एकही खाण बंद पडली नाही.

भगवतींचा काळ ऐकून गहिवरणाऱ्यांनी दिल्लीचाच १९९२ चा एक निकाल वाचावा. दिल्लीच्या खेड्यांत जवाहर रोजगार योजनेखाली रोजंदारीवर झाडं लावणारे, जोपासणारे मजूर. त्यांच्या युनियननं कायम नोकरी मागितली. निकाल लिहिला न्या. पी. बी. सावंतांनी, ज्यांची सहानुभूती कुठल्या बाजूला होती याबद्दल महाराष्ट्रात कुणाला शंका नसेल. त्यांनी नाही म्हटलं. ही योजना रिकाम्या हातांना थोडं काम द्यायला आहे. इतके दिवस भरले म्हणून प्रत्येकाला कायम केलं तर खातीच काम द्यायला कचरतील, आणि रोजगार केंद्रात नाव नोंदवून रांगेत उभा असलेला मागेच राहील. मला हा निकाल आवडत नाही. पण त्यातला रांगेचा मुद्दा खोडून काढणंही मला जमलेलं नाही, आणि मी पुष्कळदा प्रयत्न केलाय.

तेव्हापासून शेतमजुराच्या मजुरीचा वाद पुढे सरकला तो रोजगार हमीच्या अंगणात. वि. स. पाग्यांच्या महाराष्ट्रात रुजलेली कल्पना २००५ मध्ये देशाचा कायदा झाली. सुरुवातीला तिथे राज्याचा शेतमजुरीचा किमान दरच मिळत होता. १ जानेवारी २००९ पासून केंद्रानं आपला वेगळा दर लावला आणि काही राज्यांत तो किमानच्या खाली गेला. आंध्रात, कर्नाटकात न्यायालयांत वाद गेले. सप्टेंबर २०११ मध्ये कर्नाटक उच्च न्यायालयानं मजुरांच्या बाजूनं निकाल दिला, केंद्र सर्वोच्च न्यायालयात गेलं, आणि जानेवारी २०१२ मध्ये तिथे त्याला स्थगिती मिळाली नाही. तरी दोन दरांची दोरी पुन्हा नीट बांधली गेली नाही.

आता पुन्हा तो २५२ चा आकडा बघा. २०२५-२६ साठी उत्तर प्रदेशातला रोजगार हमीचा दर किती होता? तोही २५२. हरियाणात हाच दर ४०० होता, महाराष्ट्रात ३१२. संजित रॉय खटल्यानं सांगितलं होतं, मदतीचं काम किमानपेक्षा खाली नको. लखनौच्या आकड्यांत मात्र किमान दर आणि मदतकामाचा दर एका पातळीवर येऊन बसलेले दिसतात. कायदा मोडला असं म्हणता येणार नाही. मला ती दोरी बांधलेली दिसते, फक्त उलट्या टोकानं.

दिल्लीचा दर इतका वर कसा, तर तोही भांडून. २०१७ च्या मार्चमध्ये सरकारनं अकुशल कामगाराला १३,३५० रुपये जाहीर केले. ओखल्याच्या कारखानदारांच्या संघटनेसह मालकवर्ग उच्च न्यायालयात गेला आणि ४ ऑगस्ट २०१८ ला न्या. गीता मित्तल आणि न्या. सी. हरिशंकर यांनी ती वाढ रद्द केली. समिती नीट नेमली नाही, आकड्यांना आधार दिला नाही, म्हणून. सर्वोच्च न्यायालयानं ऑक्टोबरात स्थगिती दिली, वर्षभरानं नव्यानं अधिसूचना निघाली, दर झाला १४,८४२. या सगळ्या लढाईत कारखाने, दुकानं, सुरक्षा रक्षक होते. शेतमजूर यादीत होता म्हणून आपोआप वर चढला. त्याच्या वतीनं कुणी बोललं नाही, त्याच्याविरुद्धही नाही. जो दर कुणी देतच नाही त्याविरुद्ध कोर्टात कशाला जायचं?

२०२०-२१ च्या हिवाळ्यात सिंघू सीमेवर मी बरेचदा गेलो. वर्षभर चाललेल्या त्या शेतकरी आंदोलनाच्या मागण्यांमध्ये एक होती किमान आधारभूत किंमत. हाकेच्या अंतरावर कुंडलीचा औद्योगिक भाग, आणि तिथे मजदूर अधिकार संघटनेचे लोक कामगारांच्या थकलेल्या पगारांसाठी कारखान्यांच्या दारांत उभे. १२ जानेवारी २०२१ ला नौदीप कौर या कार्यकर्तीला अटक झाली, खुनाच्या प्रयत्नापासून खंडणीपर्यंतची कलमं लागली. २६ फेब्रुवारीला पंजाब आणि हरियाणा उच्च न्यायालयानं जामीन दिला. स्वतः दलित शेतमजुराच्या घरातली ही मुलगी. एकाच रस्त्यावर दोन ‘किमान’ उभे होते, मालाचा भाव आणि हाताचा भाव. लंगरात दोन्हीकडचे शेजारी जेवत होते. भाव मिळाला की मजुरी वाढेल, हा आपल्या शेतकरी संघटनेचाही जुना युक्तिवाद, आणि तो निव्वळ सबब नव्हता. पण सिंघूच्या व्यासपीठावर मजुरीचा आकडा मला ऐकू आला नाही. मी रोज तिथे नव्हतो, हेही खरं.

मजुरीचा आकडा दुसऱ्या कुणी मांडावा याची वारली आदिवासींनी वाट पाहिली नव्हती. १९४५ नंतरच्या ठाणे जिल्ह्यात गोदावरी आणि शामराव परुळेकरांबरोबर त्यांनी पाचशे पौंड गवत कापायला अडीच रुपये मागितले, आणि गवत उभं ठेवून ते मिळवले. तिथे मालक कोण ते सगळ्यांना दिसत होतं. खादरमध्ये संप करायचा तर कुणाच्या दारात?

२१ नोव्हेंबर २०२५ पासून १९४८ च्या कायद्याच्या जागी वेतन संहिता आली. परिशिष्टं गेली, शेती दुसऱ्या भागातून उठून सगळ्यांबरोबर बसली. दाव्याची मुदत सहा महिन्यांवरून तीन वर्षं झाली. दहापट भरपाई राहिली. आणि कलम ५९: मजुरी दिली, हे सिद्ध करायचं ओझं मालकावर. फरिदाबादच्या खाणीतून निघालेला विचार बेचाळीस वर्षांनी संहितेच्या कलमात आला, असं मला वाटतं, आणि ते वाचताना बरं वाटलं. पण ओझं ज्याच्या पाठीवर ठेवायचं तो माणूस आधी सापडायला हवा.

गेल्या वेळी मी गेलो तेव्हा टेम्पो निघून गेला होता. माणसं आणणारा बांधावर बसून खिशातली छोटी डायरी काढून हिशोब करत होता. मी वाकून पाहिलं. नावं नव्हती. ‘बदायूँ ४’, खाली ‘औरतें ६’, पुढे उभ्या रेघा, पाचवी आडवी. हजेरीचा खादरमधला एकमेव कागद तो. त्यानं पैसे मोजून दिले, बायांनी ते पदराच्या गाठीत बांधले, आणि चुकता झालेलं पान फाडून त्यानं त्यात खैनी गुंडाळली.